‘पळसपान’चा शुभवार्ता अंक

करंजबन नावाचं एक जंगल होतं. तिथे झाडं होती, ओढा होता आणि लोकशाही होती. ओढा पावसाळ्यात दिसायचा, लोकशाही निवडणुकीत.

या जंगलात साळूबाई नावाची एक साळिंदर राहायची. ‘दैनिक पळसपान’ची ती संपादक. पळसाला पानं तीनच, म्हणून अंकालाही पानं तीनच. स्वतःच्या पाठीवरचा एक काटा उपटायचा, जांभळाच्या रसात बुडवायचा आणि बातमी लिहायची, असा तिचा शिरस्ता. काटा उपटताना डोळ्यांत पाणी यायचं, त्यामुळे ती थापा लिहीत नसे. थापेसाठी एवढं कोण सोसेल? माकडं फांद्यांवरून अंक घरोघर टाकायची. चितळं अंक वाचून झाला की खाऊन टाकायची. काही चितळं आधी खायची आणि मग त्यावर मत द्यायची.

एके दिवशी साळूबाईने ठळक अक्षरांत छापलं, ‘मोहाच्या फुलांचं सार्वजनिक कोठार रिकामं!’

उन्हाळाभर सगळ्यांनी वेचलेली फुलं पावसाळ्यासाठी तिथे ठेवलेली असत. राखणीला खुद्द अस्वलमहाराज होते. फुलं त्यांनी खाल्ली असं कुणीच म्हणत नव्हतं. फक्त त्यांच्या गुहेचं दार नुकतंच दुसऱ्यांदा रुंद केलं होतं.

दुपारी माहितीमंत्री उदमांजर मिशा पुसत साळूबाईच्या बिळाशी आले.

“काय साळूबाई, घाबरलात? आम्ही बंदीबिंदी घालायला आलो असं वाटलं की काय?”

“छे हो,” साळूबाई म्हणाली. तिचे सगळे काटे उभे राहिले होते.

“बंदी मागासलेल्या जंगलात घालतात. आम्ही कायदा केलाय. शुभवार्ता कायदा! यापुढे फक्त आनंदाच्या बातम्या छापायच्या.”

“आणि आनंदाची बातमी नसली तर?”

“तर ती तुम्हाला दिसत नाही, असा अर्थ होतो. मग डोळे तपासायला गिधाडांकडे पाठवू. सरकारी खर्चाने.”

ते गेल्यावर साळूबाई बिळात शिरून आठवू लागली. गिधाडांकडून तपासून आलेलं तिला कुणीच आठवेना. अंक बंद करावा आणि निवांत मुळं उकरत बसावं, असं तिच्या मनात आलं. तेवढ्यात आपली पिल्लावळ घेऊन ससीण दारात उभी राहिली.

“बाई, कोठारात खरंच काही नाही? नसेल तर आत्ताच सांगा हो. पाऊस लागला की जमिनीचा चिखल होतो, मग कंद कुठून उकरू?”

साळूबाईने तिच्याकडे पाहिलं, पिल्लांकडे पाहिलं आणि पाठीवरचा चांगला जाडजूड काटा उपटला. दुसऱ्या दिवशी अंक निघाला. कायद्याला धरून निघाला.

‘आनंदवार्ता! कोठारातला उंदरांचा उपद्रव कायमचा संपला. खायला काहीच न उरल्याने उंदीर स्वखुशीने दुसऱ्या जंगलात रवाना.’

‘अभिनंदन! सगळं जंगल वाळत असताना महाराजांच्या वजनात विक्रमी वाढ.’

‘हवेशीर झालं कोठार! आत हाक मारल्यास प्रतिध्वनी येतो. पर्यटनाला मोठा वाव.’

उदमांजरांनी नुसते मथळ्यांचे पहिले शब्द वाचले. आनंदवार्ता, अभिनंदन, हवेशीर. ते इतके खूश झाले की वडाखाली सभा भरवून त्यांनी अंक महाराजांच्याच हाती दिला. महाराजांनी तो खणखणीत आवाजात शेवटपर्यंत वाचला. वाचून झाल्यावर त्यांना जाणवलं, की टाळ्या येत नाहीयेत.

सभा उठली ती थेट कोठाराकडे धावली. साळूबाईही धडपडत मागे गेली. ससिणीने दारातून आत हाक मारली, “आहे का काही?”

“काही... काही...” कोठार म्हणालं.

एकच गलका झाला. महाराज दगडावर चढले. “बंधूंनो आणि भगिनींनो! कोठार रिकामं आहे. होय, रिकामं आहे! पण याआधी कुठल्या राजाने तुम्हाला त्यात डोकावून पाहू दिलं होतं?”

माकडांनी टाळ्या वाजवल्या. माकडांना टाळ्या वाजवायला मुळातच आवडतं.

“चोर! महाराज चोर आहेत!” विरोधी पक्षाचे पुढारी दातोजी रानडुक्कर गर्जले. “एकेका फुलाचा हिशेब घेतल्याशिवाय मी चिखलात लोळणार नाही!”

“रताळ्यांच्या मळ्याबद्दल याची चौकशी चालू आहे!” महाराजही गर्जले. “याला मी गजाआड लोळवीन!”

साळूबाईचा ऊर भरून आला. आपल्या तीन पानांनी जंगल जागं झालं, असं तिला वाटलं. ससिणीने मात्र कुणाचंच भाषण ऐकलं नाही. ती तशीच माळावर गेली आणि कंद उकरू लागली. तिचं पाहून साळूबाईच्या शेजारचे चारदोन जणही लागले.

सकाळी वडाखाली ढोल वाजत होते. साळूबाई नवा काटा उपटून धावतच पोचली. पाहते तर दातोजींच्या गळ्यात झेंडूचा हार, आणि महाराज त्यांना मिठी मारायचा प्रयत्न करताहेत. दोघांचीही पोटं आड येत होती. दातोजी कोठारमंत्री झाले होते.

साळूबाईने उदमांजरांना गाठलं.

“अहो, कालच महाराज यांना गजाआड घालणार होते ना? त्या रताळ्यांच्या चौकशीचं काय झालं?”

“पूर्ण झाली,” उदमांजर म्हणाले. “ते आमच्यातलेच निघाले.”