अक्षरांची जाग

“…मग माझी पोथी फडताळात ठेवायला तुमची हरकत तरी काय आहे, आऊ?”

विश्वंभर सकाळपासून हेच विचारत होता. ताराऊ समईची काजळी पुसत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

धुक्याच्या डोंगरावरच्या त्या ग्रंथमठाची रीतच जगावेगळी होती. अवसेच्या रात्री तिथल्या पोथ्यांमधली अक्षरं पानं सोडून उठत आणि दाराबाहेर पडत. कुठे जातात, हे कोणी विचारायचं नाही. मठातल्या माणसांनी फक्त पोथ्यांवरची कापडं सोडायची, प्रत्येकीपाशी दिवा लावायचा आणि उजाडेपर्यंत जागं राहायचं. अक्षरांना घरी परतायची वाट दिसली पाहिजे ना! याला तिथे ‘जाग’ म्हणत. एक जाग पार पडल्याशिवाय नव्या पोथीला फडताळात जागा मिळत नसे.

विश्वंभरने या पोथीपायी घरदार सोडलं होतं. वडिलांशी बोलणं तुटलं होतं, ठरलेलं लग्न मोडलं होतं. मठाने पोथी ठेवून घेतली नाही, तर गावात तोंड दाखवायची सोय उरणार नव्हती. पण हे कबूल करेल तर तो विश्वंभर कसला! असा ग्रंथ या मठाने आजवर पाहिला नसेल, असं त्याने आल्या आल्या ऐकवलं होतं. ताराऊ मठाच्या मुख्य. असे ग्रंथकार त्यांनी पायलीचे पन्नास पाहिले होते. त्या नुसतं “बरं” म्हणाल्या होत्या.

आणि काल रात्री जे पाहिलं, त्याने तो पार चक्रावून गेला होता. शेजारच्या पोथ्या डोळ्यांदेखत पांढऱ्याफटक पडल्या. जुन्या वैद्यकाच्या पोथीतली अक्षरं मुंग्यांसारखी रांग धरून निघाली. अंगाईगीतांचं एक फाटकं बाड तर बघता बघता रिकामं झालं. पहाटे सगळी परत आली. वैद्यकातली इतकी दमलेली होती की काही चुकून दुसऱ्याच ओळीत जाऊन बसली. अंगाईच्या बाडाला दुधाचा वास येत होता.

त्याच्या पोथीतला मात्र एक काना हलला नव्हता.

याचा अर्थ काय लावायचा? वजनदार अक्षरं अशी वाऱ्यावर जात नसतात, अशी त्याने स्वतःची समजूत घातली होती. पण मग मठातली माणसं त्याच्याकडे बघून हळूच नजर का वळवत होती? कोणी धड बोलतही नव्हतं.

“बाकीच्यांची उठून गेली,” तो म्हणाला. “माझी जागची हलली नाहीत. हे चांगलं की वाईट, तेवढं तरी सांगा.”

ताराऊंनी हातातलं फडकं बाजूला ठेवलं.

“हात बघू तुझा.”

“हात? कशाला?”

“बघू तर.”

त्याने डावा पुढे केला.

“दुसरा.”

उजवा तळवा शाईने काळा झाला होता. त्यात ओळीच्या ओळी उलट्या उमटल्या होत्या.

विश्वंभरने हात झटकन मागे घेतला, पण व्हायचं ते झालं होतं. मग सांगावंच लागलं. शेजारचं बाड रिकामं होताना बघून आपलीही अक्षरं जातील, असं त्याला वाटलं होतं. त्याने आपल्या पोथीवर हात दाबून धरला, तो उजाडेपर्यंत उचलला नव्हता. तळव्याखाली रात्रभर काहीतरी वळवळत होतं. एकदा तर इतका जोर लागला की त्याला दुसरा हातही वर ठेवावा लागला.

ताराऊ ऐकत राहिल्या. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं, असं त्याला वाटून गेलं.

“म्हणजे… त्यांना जायचं होतं?”

“कोणीतरी बोलावलं असेल.”

“माझ्या अक्षरांना? कोणी?”

“ते विचारायचं नसतं, बाबा.”

तो समईपाशी खाली बसला. आपल्या पोथीला बोलावणं आलं, याचा त्याला इतका आनंद झाला की डोळे भरून आले. लगेच मनात आलं की कोणीतरी रात्रभर वाट बघत बसलं आणि आपण हात उचलला नाही. दोन्हीपैकी नेमकं कशाने रडू येतंय, ते त्याचं त्यालाच कळेना.

डोळे पुसून त्याने पुढच्या अवसेला आणखी एक जाग मागितली. ताराऊंनी होकारार्थी मान हलवली. विश्वंभर उठला, दारापर्यंत गेला आणि तिथेच थांबला.

“आऊ…”

“बोल.”

“हात उचलला आणि ती परत आलीच नाहीत तर?”

ताराऊ गुडघ्यावर हात टेकून उठल्या आणि आतल्या खोलीत गेल्या. परत आल्या तेव्हा त्यांच्या हातात विटक्या कापडात बांधलेली एक पोथी होती. ती त्यांनी त्याच्या पुढ्यात ठेवली.

त्याने गाठ सोडली. पहिलं पान कोरं. दुसरंही कोरं. तो पानं उलटत गेला, आधी सावकाश, मग भराभर. शेवटपर्यंत एक अक्षर नव्हतं.

“ही कोणाची?”

“माझी.”

अक्षरं कधी गेली, असं त्याने चाचरत विचारलं. तेव्हा आपले केस काळे होते, एवढंच त्या म्हणाल्या. धीर द्यावा म्हटलं तर शब्द सापडेना, आणि सापडला तो नेमका नको तो.

“मग… वाया गेली म्हणायची.”

ताराऊंनी विस्कटलेली पानं एकेक करून सारखी केली.

“कोणाचं तरी अजून वाचून झालं नसेल,” त्या म्हणाल्या.