डुबकूचं डबकं

एक होता बेडूक. नखाएवढा. त्याचं नाव डुबकू.

डुबकू राहायचा मथूकाकूच्या न्हाणीघरात. तिथे होता एक जुना नळ. नळ गळायचा टप टप, टप टप. खाली कोपऱ्यात व्हायचं एक डबकं. वाटीएवढं. डुबकू त्यात बसायचा आणि सगळ्यांना सांगायचा, हा माझा समुद्र.

एके सकाळी रज्जाक मिस्त्री आले. त्यांनी नळ काढला. वर फवारा लावला. मग भिंतीवर रंगीत फरश्या बसवायला घेतल्या. टक टक, टक टक. निळी फरशी, हिरवी फरशी, कमळाची फरशी. न्हाणीघर झालं देखणं.

पण डबकं गेलं. कोपरा झाला कोरडा ठणठणीत.

डुबकूची पाठ सुकली. पोट सुकलं. डराव म्हणायला गेला, तर आवाज आला फुस्स. बेडकाला असं कोरडं राहून चालत नाही. डुबकू घाबरला. मग त्याला स्वतःचंच हसू आलं.

"वा रे डुबकूराव, मोठं तुमचं नाव. समुद्राचे राजे, आणि प्यायला थेंब नाही."

डुबकू निघाला. टुणुक टुणुक, टुणुक टुणुक. फवाऱ्याखाली गेला. त्याने मान वर केली. एवढी वर केली, की उताणाच पडला. वा रे डुबकूराव, मोठं तुमचं नाव.

"फवारेदादा, फवारेदादा, झरा ना. डुबकूला डबकं मिळेना."

फवारा म्हणाला, "भिंतीत एक फरशी बसायची राहिलीय. आत्ता पाणी सोडलं, तर भिंत आतून भिजेल. भिंत भरल्याशिवाय मी झरणार नाही."

डुबकू निघाला. टुणुक टुणुक, टुणुक टुणुक. भिंतीपाशी गेला. थांबायचं विसरला आणि नाकावर आपटला. वा रे डुबकूराव, मोठं तुमचं नाव.

"भिंतीबाई, भिंतीबाई, भरा ना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

भिंत म्हणाली, "फरशी बसल्याशिवाय मी भरणार नाही."

डुबकू निघाला. टुणुक टुणुक, टुणुक टुणुक. ती शेवटची फरशी दाराला टेकून उभी होती. फरशीवर होता एक किडा. लाल पंखांचा, गुबगुबीत. डुबकूने जीभ काढली. सुळ्ळकन. किडा हलला नाही. पुन्हा काढली. सुळ्ळकन. किडा तसाच.

किडा चित्रातला होता. डुबकूची जीभ झाली गारगार आणि तोंडभर धूळ.

"वा रे डुबकूराव, मोठं तुमचं नाव. निघाले फरशीवरचं चित्र खायला."

मग त्याने तोंड पुसलं आणि कामाचं बोलला.

"फरशीताई, फरशीताई, बसा ना. भिंत भरेना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

फरशी म्हणाली, "मिस्त्रींनी सिमेंट कालवल्याशिवाय मी बसणार नाही."

डुबकू निघाला. टुणुक टुणुक, टुणुक टुणुक. मिस्त्री बाहेर पायरीवर बसले होते. एका बोटाला चिंधी बांधलेली.

"मिस्त्रीकाका, मिस्त्रीकाका, कालवा ना. फरशी बसेना. भिंत भरेना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

मिस्त्रींनी बोट दाखवलं. अंगणात होतं त्यांचं घमेलं, सिमेंट कालवायचं. घमेल्यात मांजर झोपलं होतं. मिस्त्री त्याला उठवायला गेले होते आणि त्याने ओरबाडलं होतं. मिस्त्रीही स्वतःला हसले.

"एवढा मोठा मी," ते म्हणाले, "भिंती फोडतो. पण मांजराला भितो. घमेलं सुटल्याशिवाय मी कालवणार नाही."

डुबकू निघाला. टुणुक टुणुक, टुणुक टुणुक. घमेल्याच्या काठावर बसायला गेला. काठ होता गोल. डुबकू घसरला आणि मातीत पडला. वा रे डुबकूराव, मोठं तुमचं नाव.

"घमेलेभाऊ, घमेलेभाऊ, सुटा ना. मिस्त्री कालवेना. फरशी बसेना. भिंत भरेना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

घमेलं म्हणालं, "मांजर उठल्याशिवाय मी सुटणार नाही."

आता आली पंचाईत. मांजर केवढं, डुबकू केवढा. पण पाठ फार सुकली होती. तो घमेल्यामागे लपला आणि तिथूनच बोलला. अगदी हळू.

"माऊताई, माऊताई, उठा ना. घमेलं सुटेना. मिस्त्री कालवेना. फरशी बसेना. भिंत भरेना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

मांजराने एक डोळा उघडला. एवढासा बेडूक बघून पुन्हा मिटला.

"काकूने दूध दिल्याशिवाय मी उठणार नाही."

डुबकू निघाला. आता टुणुक टुणुक होईना. टु...णुक. टु...णुक. स्वयंपाकघराच्या दाराशी मथूकाकू बसली होती. खांद्यावर टॉवेल. हातात नवा साबण. केस सोडलेले.

"काकू, काकू, दूध द्या ना. मांजर उठेना. घमेलं सुटेना. मिस्त्री कालवेना. फरशी बसेना. भिंत भरेना. फवारा झरेना. डुबकूला डबकं मिळेना."

काकू म्हणाली, "अंघोळ केल्याशिवाय मी दुधाला हात लावत नाही. आणि आज अंघोळ करणार ती नव्या फवाऱ्याखालीच. फवारा झरल्याशिवाय मी दूध देणार नाही."

डुबकू खाली बसला. त्याचं डोकं गरगरलं. एवढा फिरला, एवढा पडला, आणि फिरून आला तो फवाऱ्यापाशीच. रडायलाही अंगात पाणी नव्हतं.

तो हळूच पुटपुटला, "फवारा झरेना, म्हणून काकू दूध देईना. काकू दूध देईना, म्हणून मांजर उठेना. मांजर उठेना, म्हणून घमेलं सुटेना. घमेलं सुटेना, म्हणून मिस्त्री कालवेना. मिस्त्री कालवेना, म्हणून फरशी बसेना. फरशी बसेना, म्हणून भिंत भरेना. भिंत भरेना, म्हणून..."

"म्हणून फवारा झरेना," काकू म्हणाली.

काकूने टॉवेलकडे बघितलं. साबणाकडे बघितलं. मग ती हसायला लागली. खो खो, खो खो. हसता हसता साबण हातातून निसटला.

"म्हणजे माझी अंघोळ मीच अडवून बसलेय," ती म्हणाली. "वा गं मथूबाई, केवढी तुमची घाई."

काकू उठली. तिने बिनअंघोळीचं दूध दिलं.

काकूने दूध दिलं, मांजर उठलं. लप लप, लप लप.
मांजर उठलं, घमेलं सुटलं.
घमेलं सुटलं, मिस्त्रींनी सिमेंट कालवलं. खरर खरर, खरर खरर.
सिमेंट कालवलं, फरशी बसली. टक टक, टक टक.
फरशी बसली, भिंत भरली.

आणि फवारा? फवारा लगेच नाही झरला. सिमेंट ओलं होतं ना. ते सुकायचं होतं. काकूने एक फडकं भिजवलं, पिळलं आणि डुबकूच्या पाठीवर टाकलं. गारगार. डुबकू तसाच झोपला.

मिस्त्री मात्र अजून न्हाणीघरातच होते. खाली नवी जमीन करत होते. सगळीकडे छान गुळगुळीत केली. कोपऱ्यात मात्र अंगठा दाबून दाबून त्यांनी एक खळगा केला. वाटीएवढा.

काकूने विचारलं, हे काय. पाणी तर वाहून जायला हवं.

मिस्त्री म्हणाले, "बघा ना काकू. एवढी वर्षं काम करतो, आणि कोपऱ्यात उतार चुकला."

काकू नुसती हसली.

दुसऱ्या दिवशी सगळं सुकलं. काकूने चावी फिरवली. झर झर, झर झर. फवारा झरला. निळ्या फरशीवरून पाणी आलं. हिरव्या फरशीवरून पाणी आलं. कमळावरून आलं, किड्यावरून आलं. खळग्यात साचलं. डुबुक. डुबकू आत.

"डराव."

बाहेर काकू उभी. खांद्यावर टॉवेल, हातात साबण. तिने दार वाजवलं आणि झालं का म्हणून विचारलं.

आतून डुबकू म्हणाला, "थोडं थांबा हं काकू. पाठ राहिलीय."

काकू थांबली. स्वतःच्याच न्हाणीघराबाहेर, बेडकाच्या मागे नंबर लावून.

डुबकूची अंघोळ झाली, काकूची अंघोळ झाली. गोष्ट भिजून चिंब झाली. चला, आता तुमचा नंबर.