एकाच हाताचा घोडा

नदीकाठच्या एका गावात सुपडू नावाचा एक घोडेवाला राहत होता. त्याचा पाखऱ्या नावाचा घोडा देखणा होता, पण सुपडूला त्याच्या रूपापेक्षा दुसऱ्याच गोष्टीचा अभिमान होता. पाखऱ्या त्याच्याशिवाय कुणालाही अंगाला हात लावू देत नसे. घरचं माणूस जवळ गेलं तरी कान मागे पाडून चावायला धावे. पाहुण्यांना हे दाखवताना सुपडूची छाती फुगे.

गावात बरेच घोडे होते आणि नदीला दर दोन-चार वर्षांनी पूर येई. म्हणून घोडेवाल्यांनी ठरवलं, की महिन्यातून एकदा शेजाऱ्यानं शेजाऱ्याचा घोडा टेकडीवर नेऊन आणायचा. मालक घरी नसला तरी जनावर वाचलं पाहिजे. सगळ्यांनी हे मान्य केलं. एकट्या सुपडूनं नाही.

त्याची बायको मंजुळा म्हणाली, "अहो, निदान मला तरी त्याला दाणा घालू द्या. तुम्ही गावाला गेलात आणि पाणी आलं तर?"

"तेव्हाचं तेव्हा बघू."

"तेव्हा बघायला तुम्ही नसाल, म्हणून तर म्हणते."

"कुणाच्याही हातचं खायला तो काय शेळी आहे?"

मंजुळानं पाच वर्षं हेच सांगितलं. पाच वर्षं तिला असंच काहीतरी ऐकावं लागलं. कधी पाखऱ्याचा मिजाज ठीक नसे, कधी दिवस चांगला नसे. एकदा तर, यंदा पाऊसच कमी आहे, असंही उत्तर मिळालं.

एका श्रावणात सुपडू नाल आणायला पलीकडच्या गावी गेला आणि भरदुपारी नदी चढली. बाकीचे घोडे सवयीनं शेजाऱ्यांच्या मागे टेकडीवर गेले. पाखऱ्या मात्र दावं तोडून काठावर सैरावैरा धावू लागला. धरायला गेलेल्या दोघांना त्यानं लाथा घातल्या.

मंजुळा ओंजळीत भिजवलेले हरभरे घेऊन गुडघाभर पाण्यात उभी राहिली. हलली नाही, बोलली नाही. बऱ्याच वेळानं पाखऱ्या थांबला. मान लांब करून त्यानं तिच्या ओंजळीचा वास घेतला.

तेवढ्यात सुपडू पलीकडच्या काठावर येऊन पोचला. मंजुळानं मानेनंच त्याला नको, नको असं सांगितलं. पण गप्प राहील तो सुपडू कसला. त्यानं दोन्ही हात तोंडाशी धरून हाक मारली, "पाखऱ्या, ये."

पाखऱ्यानं कान टवकारले. धन्याच्या दिशेनं त्यानं पुरात उडी घेतली. तो ना इकडच्या काठाला लागला, ना तिकडच्या.

दोन दिवसांनी पूर ओसरला आणि सुपडू घरी आला. रिकाम्या ठाणाशी बसून तो म्हणाला, "बघितलंस? शेवटपर्यंत माझंच ऐकलं त्यानं."

मंजुळा म्हणाली, "हो. पाच वर्षं मी तेच तर सांगत होते."

तात्पर्य: जनावर फक्त आपलंच ऐकतं याचा अभिमान धरू नये. संकट मालक घरी यायची वाट पाहत नाही, म्हणून चांगल्या दिवसांतच जनावराला दुसऱ्याच्या हाताची सवय लावावी.