कमी पळालेली गाडी

डोंगरातल्या पाड्यांवरून दिवस भरलेल्या बायकांना दवाखान्यात आणायला तळपे सिस्टरना जुनी, दणकट गाडी हवी होती. माजी सभापती हंबीररावांनी आपली मोठी एसयूव्ही विकायला काढली होती.

“फक्त बावीस हजार किलोमीटर पळालीय,” चार माणसांसमोर मिशीवर हात फिरवत ते म्हणाले. “मीटर बघा. आमच्या शब्दावर कुणी शंका घेत नाही.”

सिस्टरनी मीटर पाहिलं, मग वाकून ब्रेकचं पेडल पाहिलं. त्याचं रबर झिजून पार गुळगुळीत झालं होतं.

“शंका नाहीच, साहेब,” त्या शांतपणे म्हणाल्या. “पण एवढ्यात पेडल इतकं झिजलं, म्हणजे ही गाडी चालली कमी आणि थांबलीच जास्त. मला तर दिवस भरलेली बाई वेळेत पोचवायचीय.”

माणसं खाली बघून हसली. हंबीररावांनी घसा खाकरून खरा आकडा सांगितला. दोन लाख दहा हजार किलोमीटर.

“बरं,” सिस्टर म्हणाल्या, “आता बॉनेट उघडा.”