खलात घोटलेलं नाव

ऐका तर. फार मागची गोष्ट, इतकी मागची की तेव्हा आपल्या सोनघळीच्या चारी बाजूंनी रान होतं. गावात एक बाई पाऱ्याची औषधं करायची. तिचं नाव विचाराल तर मला ठाऊक नाही. हसू नका, कुणालाच ठाऊक नाही. गाव तिला खलवाली म्हणतं.

तिच्या घराण्यात एकच पारा पिढ्यान्‌पिढ्या घोटायची रीत होती. आज्यानं तो खलात घातला, बापानं जन्मभर घोटला, मग तिच्या हाती आला. चौथ्या पिढीचा हात लागला की त्याचं रसायन होतं आणि ते पिणाऱ्याला मरण नाही, असं म्हणतात. पण खलवालीला मूलबाळ नव्हतं, आणि तिचा नवरा हैबती तापानं अंथरुणाला खिळला होता.

एक आडवाट होती. राहिलेल्या पिढीच्या जागी एखाद्याचं नाव घोटायचं. बापानं जाताना तिचा हात धरून बजावलं होतं, "पोरी, खलात माणूस घोटायचा नाही." पण नवरा डोळ्यांदेखत चाललेला. तिला वाटलं, दुसऱ्याचं नाव घालणं पाप, स्वतःचं घातलं तर कुणाचं काय जातंय? भोळी बिचारी, दुसरं काय! बत्ता फिरवत ती आपलं नाव पुटपुटत राहिली. पारा पांढरा झाला, तेव्हा आपण काय पुटपुटत होतो तेच तिला आठवेना.

हैबती रसायन प्यायला आणि उठून बसला. तिच्याकडे बघतच राहिला. मग म्हणाला, "बाई, तुम्ही कुणाकडच्या?"

तुमचीच म्हणावं, तर तिला नावच सांगता येईना. तिनं पेज पुढे ठेवली. पुढे जन्मभर तो तिच्याच हातचं जेवला आणि तिला परक्यासारखं अहोजाहो करत राहिला. तिचं काळीज तुटायचं. शेवटी म्हातारा होऊन तो गेला, आणि गाव चक्रावलं. रसायन प्यायला तो, मग मेला कसा? आणि जिनं थेंबही चाखला नाही, तिचा एक केस कसा पिकत नाही?

मृत्यू माणसाला नावानं हाक मारतो, असं म्हणतात. हैबतीचं नाव शाबूत होतं, त्याला हाक आली. तो तिच्या दाराशी यायचा, घुटमळायचा आणि हाक काय मारावी ते न कळून परत जायचा. बरोबरीची माणसं गेली, त्यांची नातवंडं म्हातारी झाली. एके दिवशी ती चावडीवर आली. म्हणाली, "मला माझ्या गेलेल्या माणसांकडे जायचंय. काहीही नाव द्या."

लोकांनी दिली की नावं! भागू म्हटलं, साळू म्हटलं. एकही टिकेना, देणाराच घटकाभरात विसरायचा. मग ती रानात निघून गेली. अजून तिथंच आहे, असं म्हणतात.

म्हणून आपल्याकडे बारशाला बाळाच्या कानात नाव सांगण्याआधी आत्या उंबऱ्यावर जाते. रानाकडे तोंड करून ते नाव उच्चारते आणि विचारते, "बघ गं बाई, हे तुला लागतंय का?" सगळे रानाकडे कान लावतात. रानातून ओ आली, तर ते नाव तिचं. आजवर आलेली नाही. आपल्या बाळाचं नाव राहिलं म्हणून आईला हायसं वाटतं, आणि लगेच त्या बाईसाठी रडूही येतं. आत्या मात्र आणखी जराशी थांबते, मगच पाळण्याकडे वळते.