अंधारातलं संगीत

छोट्या भयपटांत भुताचं काम करणाऱ्या शर्वरी मिणचेकरनं या वेळी सिनेमाला संगीतही दिलं होतं. पण वितरक घोसाळकर अडून बसले. "बाई, तुम्ही फक्त किंचाळा. संगीत नामवंताकडून घ्या, नाहीतर सिनेमा लागणार नाही."

शर्वरी म्हणाली, "साहेब, आधी सुरुवात तरी बघा."

थिएटरात अंधार झाला, सूर घुमू लागले तसे घोसाळकरांनी डोळे गच्च मिटले. दोन मिनिटांत ते खुर्ची घट्ट धरून ओरडले, "दिवे लावा! माझ्या मागं कोणीतरी उभं आहे!"

दिवे लागले. मागं कोणीच नव्हतं.

"भलतंच भीतिदायक चित्रीकरण आहे हो!" ते घाम पुसत म्हणाले.

"साहेब, चित्र अजून सुरूच केलं नाही. आतापर्यंत नुसतं माझं संगीत वाजत होतं."

घोसाळकर ओशाळून हसले. "राहू द्या तुमचंच." शर्वरीचा जीव भांड्यात पडला.