कठड्याचा अर्ज आणि गुरुजींची बंडी

एकदा एका बाजारपेठेच्या गावी न्यायदानाचे काम एक वृद्ध गुरुजी पाहत. एक शिष्य त्यांच्या हाताखाली शिकत होता. एके दिवशी एक तरुण शिंपी धावतच आला. त्याचा थोरला भाऊ एका व्यापाऱ्याच्या उघड्या विहिरीत पडून मरण पावला होता.

"तिला कठडा बांधायला लावा, गुरुजी. गल्लीतली पोरं तिथंच पाणी भरतात," असे म्हणत त्याने अर्ज ठेवला आणि आला तसा निघून गेला.

पहिल्या तारखेला शिपायाने दारात तीनदा पुकारा केला. व्यापारी पानाचा डबा घेऊन हजर होता, शिंपी नव्हता. सायंकाळी गुरुजी शिष्यासह त्याच्या दुकानी गेले.

"आला नाहीस?"

"अर्ज दिलाय ना? खरं काय ते त्यात लिहिलंय."

गुरुजींनी भिंतीवरची पाटी वाचली, बंडीचे माप दिले, सगळी शिलाई आगाऊ दिली आणि परतले.

दुसऱ्या तारखेलाही तेच घडले. बंडी तयार असल्याचा निरोप आला.

"घेऊन येतो," शिष्य म्हणाला. "जुनीतून तुमचा खांदा बाहेर डोकावतोय."

"डोकावू दे. त्यालाही जरा हवा लागू दे."

तीन महिने उलटले, तीन निरोप आले, तरी गुरुजी गेले नाहीत. तिसऱ्या तारखेलाही शिंपी आला नाही, तेव्हा त्यांनी सांगितले, "लिही. अर्जदार गैरहजर, अर्ज काढून टाकला."

शिष्याचा हात अडला. "पण त्याचं म्हणणं खरं आहे."

"खरं आहे. लिही."

दुसऱ्या दिवशी शिंपी तणतणत आला. "माझं न ऐकताच निकाल?"

"माझी बंडी कुठाय?" गुरुजींनी विचारले.

"ती? रंगाऱ्याला देऊन टाकली. तीन महिन्यांत कपडे न नेल्यास जबाबदारी नाही, ही पाटी वाचली नाहीत?"

"पैसे दिले होते. मापही माझंच होतं."

"असेल. म्हणून काय जन्मभर खुंटी अडवून..." शिंपी थबकला. शिष्याने हसू लपवायला वहीत तोंड घातले.

शिंपी खाली बसला. "तो कसा पडला ते इथं वाचून दाखवतात, गुरुजी. मला ऐकवत नाही."

गुरुजींचा स्वर मऊ झाला. "ते दुःख मला कळतं, बाळा. पण कागदाला ओ देता येत नाही. समोरचा माणूस काम टाकून तीनदा आला. त्याला किती बसवू? तुझ्या जागी मीच त्याला जाब विचारला, तर मी न्यायाधीश उरलो नाही. तुझा अर्ज बंद झालाय, खोटा ठरलेला नाही. का आला नाहीस ते लिहून दे. तो पुन्हा सुरू करता येईल."

पुढच्या तारखेला शिपायाने नाव पुरते घेण्याआधीच शिंपी म्हणाला, "हजर." शिष्य वाचत असताना तो खांब धरून शेवटपर्यंत उभा राहिला.

विहिरीला कठडा बांधून झाला, त्या दिवशी गुरुजींनी पुन्हा बंडीचे माप दिले. ठरल्या दिवशी सकाळी शिंप्याने दुकानाचे दार उघडले, तर ते पायरीवर बसलेले होते.

"हजर," गुरुजी म्हणाले.